तुमचा काय संबंध?

कोर्टात आम्हाला विचारलेला पहिला प्रश्न जमिनीचा नव्हता. घराचा नव्हता. थंडीचे दिवस होते, पोरं उघड्यावर होती, त्याचाही नव्हता. साहेबांनी चष्म्यावरून बघितलं आणि आमच्या वकिलाला विचारलं, ‘या मंडळाचा यात काय संबंध?’

मी तेव्हा एकोणीस वर्षांचा. मंडळाचा सेक्रेटरी. सेक्रेटरी म्हणजे काय, तर चौदा एप्रिलच्या वर्गणीची पावतीपुस्तकं माझ्याकडे आणि लाऊडस्पीकरची परवानगी काढायला चौकीत मी जायचं. अर्ज मंडळाच्या नावानं टाकला होता, कारण मंडळ म्हणजे आपणच असं आम्हाला वाटत होतं. वकील तरुण होता, फुकट उभा राहिला होता, तोही गडबडला. मंडळ नोंदलेलं नाही. मंडळाचं घर तुटत नाही. ज्यांचं तुटतंय त्यांनी यावं. अर्ज बाद. चार मिनिटं लागली.

ज्यांचं तुटत होतं ते त्या वेळी पत्रे सांभाळत बसले होते. माझी आई त्यांच्यात होती. तिला कोर्टात आणायचं तर खोपटापाशी कोण थांबणार?

दुसरा अर्ज बारा बायकांच्या नावानं केला. सह्या आणि अंगठे गोळा करायला दोन दिवस गेले. तेवढ्यात हातोडा येऊन गेला. मग साहेब म्हणाले, आता पाडायचं काही उरलंच नाही, मनाई कशाची मागता? आणि तरीही एक प्रश्न विचारलाच: ‘या जमिनीवर तुमचा हक्क काय?’

दोस्तांनो, या दोन प्रश्नांच्या मधल्या फटीत आपल्या वस्त्या गाडल्या जातात. दुसऱ्यासाठी गेलात तर तुमचा काय संबंध. स्वतःसाठी गेलात तर तुमचा काय हक्क. पहिल्याला सांगायचं, ज्याचं घर आहे त्याला पाठव. तो आला की त्याला म्हणायचं, तू तर अतिक्रमणवाला. कायद्याच्या पुस्तकात याला मोठं लॅटिन नाव आहे, लोकस स्टँडाय. उभं राहायची जागा. आपल्याला उभं राहायला जमीन नाही म्हणून तर भांडण आहे, आणि भांडायला उभं राहायलाही जागा नाही.

आमच्या वस्तीच्या जमिनीचीही गंमत सांगतो. तिथं तीन पाट्या होत्या. एक सरकारची, एक रेल्वेची, एक कुठल्याशा खाजगी मालकाची. नळ मागायला गेलो की तिन्ही पाट्या मुक्या. सरकारी माणूस म्हणायचा, रेल्वेला विचारा. रेल्वेवाला म्हणायचा, ती हद्द आमची नाही. मालकाचा मॅनेजर म्हणायचा, केस चालू आहे. संडासाला मालक नाही, दिव्याला मालक नाही, गटाराला मालक नाही. तोडायचा दिवस उगवला की तीन मालक हजर. माय म्हणायची, ‘पाणी मागाया गेलं की जमीन कुनाचीच न्हाई, आन् ऱ्हाया गेलं की समद्यांची.’ वादग्रस्त जमिनीची याहून नेमकी व्याख्या मी अजून कुठल्या पुस्तकात वाचलेली नाही.

आता थोडं मागं जाऊ, कारण आपल्यातल्या बऱ्याच पोरांना वाटतं की कोर्ट म्हणजे जन्मापासून असंच. तसं नाही.

१३ जुलै १९८१. मुख्यमंत्री अ. र. अंतुले. भर पावसात जाहीर झालं की मुंबईच्या फुटपाथवर राहणाऱ्यांना उचलायचं आणि जिथून आले तिथं पाठवायचं. सेलमहून १९६१ साली दुष्काळात आलेला एक भूमिहीन मजूर होता. २३ जुलैला त्याचं खोपट तोडलं आणि त्याला बायकापोरांसकट सेलमच्या बसमध्ये कोंबलं. तो कामासाठी परत आला आणि पुन्हा फुटपाथवरच्याच एका खोपटात शिरला. गावात काम असतं तर तो १९६१ सालीच कशाला आला असता, हे मंत्रालयाला सुचलं नाही. फुटपाथवर राहणारे लोक सुप्रीम कोर्टात गेले, आणि त्यांच्याबरोबर एक पत्रकार बाई गेल्या. ओल्गा टेलिस. पीपल्स युनियन फॉर सिव्हिल लिबर्टीज ही संघटनाही गेली. त्या बाईंचं काही तुटत नव्हतं. तरी खटला आजतागायत त्यांच्याच नावानं ओळखला जातो.

महापालिकेनं काय मुद्दा काढला बघा. हे लोक आधी हायकोर्टात गेले होते. तिथं त्यांच्या बाजूनं कबूल करून टाकलं होतं की फुटपाथवर झोपडी बांधायचा मूलभूत हक्क आम्ही सांगत नाही, आणि १५ ऑक्टोबर १९८१ नंतर पाडायला अडवणार नाही. मग आता कशाला तोंड उघडता? एकदा मान खाली घातली की कायमची खाली. आपल्याला ही भाषा नवी नाही, गावकीत पिढ्यान्पिढ्या हेच ऐकलं. पण पाच न्यायमूर्तींनी हा मुद्दा फेटाळला. मूलभूत हक्क कुणी लिहून देऊ शकत नाही, सोडून देऊ शकत नाही, आणि राज्यघटनेसमोर अशी कबुली बांधून ठेवता येत नाही, असं त्यांनी म्हटलं. हे वाक्य पाठ करून ठेवा. वॉर्डातला साहेब ‘स्वखुशीने जागा खाली करतो’ असा छापील कागद पुढं करतो ना, तेव्हा ते उपयोगी पडतं.

१० जुलै १९८५ ला निकाल आला. जगण्याच्या हक्कात पोटापाण्याचा हक्क येतो, असं सरन्यायाधीश यशवंत चंद्रचूडांनी लिहिलं. १८८८ च्या महापालिका कायद्याचं कलम ३१४ आयुक्ताला नोटीस न देता फुटपाथ मोकळा करू देतं. त्यावर कोर्ट म्हणालं, नोटीस हा नियम, बिननोटीस हा अपवाद. सगळ्या देशानं टाळ्या वाजवल्या. लॉ कॉलेजात अजून वाजवतात.

आणि पुढं? पुढं कलम ३१४ कायम राहिलं. नोटीस द्यायला हवी होती, पण आता आम्हीच तुमचं ऐकून घेतलंय ना, मग वेगळं ऐकायची गरज नाही, असं झालं. पावसाळा संपेपर्यंत, म्हणजे ३१ ऑक्टोबर १९८५ पर्यंत, तोडू नका, एवढी मुदत मिळाली. १९७६ च्या गणतीत ज्यांना ओळखपत्रं दिली होती त्यांना पर्यायी जागा द्या, पण ती दिल्याशिवाय हलवू नका असं नाही. तत्त्व आपण जिंकलो, खोपट हरलो. मला हा निकाल टाकाऊ वाटत नाही. तो नसता तर आज नोटिशीचा चिटोराही दारावर डकवला नसता. पण त्याचा फोटो लावून हार घालायची घाई नको.

त्याच सुमाराला, ३० डिसेंबर १९८१ ला, एस. पी. गुप्ता खटल्याचा निकाल आला होता. न्यायमूर्ती भगवतींनी दार सताड उघडलं. जो माणूस गरिबीमुळे, लाचारीमुळे किंवा समाजातल्या खालच्या जागेमुळे कोर्टाच्या पायरीपर्यंत पोचू शकत नाही, त्याच्यासाठी कुणीही चांगल्या हेतूनं येऊ शकतं. पोस्टकार्ड पाठवलं तरी चालेल. मला विचाराल तर हे औदार्य नव्हतंच. नोटीस चोवीस तासांची, वकिलाची फी महिन्याच्या पगाराची, आणि तारखेला गेलं की रोजंदारी बुडते. अशा माणसाला ‘तू स्वतः ये’ म्हणणं म्हणजे पाय बांधून पोहायला सांगणं. भगवतींनी फक्त पाय बांधलेत एवढं बघितलं.

ते दार आता किती उघडं आहे?

९ मे २०२२. दिल्लीत शाहीनबागेत बुलडोझर पोचले. मार्क्सवादी कम्युनिस्ट पक्ष सुप्रीम कोर्टात गेला. कोर्टानं विचारलं, पक्ष का आलाय? नुकसान होणारे का नाही आले? हायकोर्टात जा. याचिका मागं घ्यावी लागली. २४ ऑक्टोबर २०२४. तोडू नका असा अंतरिम हुकूम असताना तीन राज्यांत तोडलं, अशी तक्रार घेऊन नॅशनल फेडरेशन ऑफ इंडियन विमेन ही बायकांची संघटना गेली. उत्तर तेच. तुमचा थेट किंवा आडून संबंध नाही, बाधितांना येऊ द्या.

बाधितांना येऊ द्या! जसं काही बाधित माणूस बाहेर बाकावर चहा पीत बसलाय आणि संघटनाच त्याला आत येऊ देत नाहीये. त्याच्या दाराशी पोलीस उभे, भाऊ लॉकअपात, कागद ढिगाऱ्याखाली. तो गावाहून उसने पैसे आणून दिल्लीला येणार आणि म्हणणार, मी बाधित.

हे कोर्टावरचं रागाचं बोलणं नाही, हिशेबाचं आहे. हिशेबाची दुसरी बाजू बघा. १९९५ साली बोरिवलीच्या संजय गांधी राष्ट्रीय उद्यानातल्या झोपड्या काढा म्हणून एक पर्यावरणवादी संस्था मुंबई हायकोर्टात गेली. जंगल तिच्या बापाचं नव्हतं. ७ मे १९९७ ला हुकूम झाला आणि पुढली दोन-तीन वर्षं हजारो झोपड्या जमीनदोस्त झाल्या. १ जानेवारी १९९५ आधीच्या मतदारयादीत नाव असलेल्यांनी ७,००० रुपये भरावे, मग पर्यायी घर. ज्याचं छप्पर आज उडालं त्यानंच पैसे भरायचे. झाडांच्या वतीनं आलेल्या माणसाला उभं राहायला जागा मिळाली. झाडाखालच्या माणसाच्या वतीनं आलेल्याला विचारतात, तुमचा काय संबंध? झाडांशी माझं वैर नाही, माझ्या आजोबांचं सगळं आयुष्य दुसऱ्याच्या बांधावरच्या झाडाखाली गेलं. पण तराजू दोन का, एवढंच विचारतो.

सोसायटीवाले फुटपाथ मोकळे करा म्हणून कोर्टात जातात, आणि त्यांचा ‘नागरिक’ हा एकच शब्द पुरतो. आपण नागरिक म्हणून जात नाही. आपण अतिक्रमणवाले म्हणून जातो. नाव घ्यायच्या आधी गुन्हा लावलेला. जातीचं असंच होतं ना? माणूस बोलायच्या आधी त्याची जात बोलायची. १५ फेब्रुवारी २००० ला सुप्रीम कोर्टानं दिल्लीच्या कचऱ्याच्या खटल्यात झोपडीवाल्याला पर्यायी जागा देणं म्हणजे पाकीटमाराला बक्षीस देणं, अशी उपमा दिली. खटला कचऱ्याचा, आणि शेण आपल्या तोंडावर. दिल्लीतलं पाकीट कुणी मारलं? शहराच्या भिंती आम्ही बांधल्या, गटारं आम्ही उपसली, आणि बांधून झाल्यावर आम्हीच आगंतुक.

इथं बाबासाहेबांचं एक सांगतो, कारण आपल्यातले काही गरम डोक्याचे कॉम्रेड म्हणतात, कोर्टबिर्ट सोडा, रस्त्यावर या. महाडचं चवदार तळं ही सुद्धा ‘जागा कुणाची’ याचीच लढाई होती. मार्च १९२७ मध्ये बाबासाहेब पाणी प्याले. डिसेंबरात पुन्हा सत्याग्रह ठरला, तर सवर्णांनी सगळ्या सवर्णांच्या वतीनं कोर्टात दावा ठोकला. तळं आमचं, खाजगी. मनाईहुकूमही मिळवला. त्या दाव्यात बाबासाहेब प्रतिवादी. हजारो माणसं जमली होती, एक शब्द टाकला असता तर लोक तळ्यात उतरले असते. त्यांनी हुकूम मोडला नाही, मनुस्मृती जाळली, आणि दावा लढवला. एक नाही, दोन नाही, जवळजवळ दहा वर्षं. १७ मार्च १९३७ ला मुंबई हायकोर्टाचा निकाल आला. तळं नगरपालिकेचं, सवर्णांची मालकी सिद्ध नाही, आणि अस्पृश्यांना हाकलायची पुरातन चाल होती हेही सिद्ध नाही. रस्ता आणि कोर्ट, दोन्ही. एका हातात काठी आणि दुसऱ्या हातात कागद. आपण काठी तेवढी उचलली आणि कागद नगरसेवकाकडे ठेवायला दिला.

म्हणून आता कागदाचं बोलू. कंटाळा येईल, पण वाचा.

मालकी नसली तरी ताबा असतो, आणि ताब्याला कायदा ओळखतो. एखादा माणूस जागेवर स्थिरावला असेल तर खऱ्या मालकालाही त्याला धक्के मारून काढता येत नाही, कायद्याच्या वाटेनंच काढावं लागतं. सुप्रीम कोर्टानं हे बऱ्याचदा सांगितलंय, रामे गौडा खटल्यात (२००४) पुन्हा स्पष्ट सांगितलं. म्हणजे ‘तुमचा हक्क काय’ या प्रश्नाला एक उत्तर आहे: ‘आम्ही इथं राहतो, हा.’ ते छोटं उत्तर आहे, पण आत शिरायला पुरतं.

आता फास बघा. १९६३ च्या स्पेसिफिक रिलीफ ॲक्टचं कलम ६ म्हणतं, तुम्हाला कुणी बेकायदा हुसकलं तर सहा महिन्यांच्या आत दावा करा, मालकी कुणाची हे न बघता ताबा परत मिळेल. चांगलं कलम आहे. पण त्यातच खाली लिहिलंय, सरकारविरुद्ध असा दावा चालणार नाही. शेजाऱ्यानं हुसकलं तर कोर्ट उघडं, सरकारनं हुसकलं तर ते दार बंद. मुदतीच्या कायद्यात खाजगी जमिनीवरच्या उघड ताब्याचं गणित बारा वर्षांचं, सरकारी जमिनीवर तीस वर्षांचं. आपण बहुतेक सरकारी जमिनीवरच, कारण खाजगी जमिनीवर कुणी आपल्याला सावलीलाही उभं केलं नाही. आणि सरकारवर दिवाणी दावा लावायचा तर कलम ८० खाली आधी दोन महिन्यांची नोटीस आपणच द्यायची. ते आपल्याला देतात दिवस-दोन दिवस, आपण त्यांना द्यायचे दोन महिने. तातडी असेल तर कोर्टाची परवानगी घेऊन नोटिशीविना जाता येतं. पण सरकारचं ऐकल्याशिवाय तात्पुरता हुकूम मिळत नाही, आणि सरकारी वकील ‘सूचना घेतो’ म्हणून तारीख मागतो. तेवढ्यात हातोडा येतो. आमच्या वस्तीचं असंच झालं.

१३ नोव्हेंबर २०२४ ला सुप्रीम कोर्टानं बुलडोझरच्या विरोधात निकाल दिला. न्यायमूर्ती भूषण गवई आणि न्यायमूर्ती विश्वनाथन. पंधरा दिवसांची नोटीस, रजिस्टर पोस्टानं. प्रत्यक्ष सुनावणी. अंतिम हुकूम झाल्यावर आणखी पंधरा दिवस. तोडताना व्हिडिओ. नियम मोडला तर अधिकाऱ्याच्या खिशातून भरपाई. त्या दिवशी आपल्या वस्त्यांत पेढे वाटले. अमरावतीचा, रा. सू. गवईंचा मुलगा, आपल्या घरातला माणूस त्या खुर्चीवर बसून हे लिहितो, छाती भरून येणारच. माझीही आली. मग निकाल पुढं वाचला. रस्ता, गल्ली, फुटपाथ, रेल्वे रुळालगतची जागा, नदी किंवा पाणवठा, अशा सार्वजनिक जागेवरच्या अनधिकृत बांधकामाला हे नियम लागू नाहीत.

माझी वस्ती कुठं होती? रुळाकडेला. नाल्याकाठच्या माणसाचं काय? फुटपाथवरच्याचं? ज्याचं बांधलेलं घर आहे, सिटी सर्व्हेचा उतारा आहे, त्याला छत्री मिळाली, आणि ती मिळायलाच हवी होती, कारण आरोपीचं घर पाडून शिक्षा देण्याचा जो धंदा चालला होता तो उघड गुंडगिरीचा होता. पण सगळ्यात जास्त भिजणारा माणूस छत्रीच्या बाहेरच राहिला. आपला माणूस असला म्हणून हे बोलायचं नाही, असं मला कुणी सांगू नये. आपल्या माणसालाच आधी सांगावं. १९८५ चा निकाल फुटपाथवाल्यांसाठी होता आणि त्यांनाही नोटीस द्या म्हणत होता. तो काही मेलेला नाही. नव्या निकालाच्या अपवादावर बोट ठेवून अधिकारी अंगावर आला, तर आपण १९८५ चं पान पुढं करायचं.

दिल्ली हायकोर्टानं मार्च २०१९ मध्ये शकूरबस्तीच्या खटल्यात आणखी पुढचं पाऊल टाकलं होतं. जमीन रेल्वेची, तोडलं डिसेंबर २०१५ च्या थंडीत, कोर्टात गेले अजय माकन, काँग्रेसचे पुढारी. त्यांचं काही तुटलं नव्हतं. कोर्ट म्हणालं, आधी पाहणी करा, लोकांशी बोला, त्यांच्याकडे नुसते बेकायदा घुसखोर म्हणून बघू नका. म्हणजे बाहेरच्या माणसानं गेलेलं चालतं सुद्धा. कधी चालेल आणि कधी नाही, हे आपल्या हातात नाही, एवढाच त्यातला धडा.

शहराचं झालं. आता आपले काका-मामा ज्या गायरानावर आहेत तिकडं बघा. दादासाहेब गायकवाडांचा भूमिहीनांचा सत्याग्रह ६ डिसेंबर १९६४ ला सुरू झाला, बायाबापडे तुरुंगात गेले. त्या रेट्यातून पुढं २८ नोव्हेंबर १९९१ चा शासन निर्णय आला. १४ एप्रिल १९९० पर्यंतची मागासवर्गीय भूमिहीनांची शेतीसाठीची अतिक्रमणं नियमित करायची. तारीख बाबासाहेबांच्या जयंतीची, अंमलबजावणी तहसीलदाराच्या मर्जीची. कितीतरी लोकांचे अर्ज तलाठ्याच्या कपाटात वाळवीनं खाल्ले. मग २८ जानेवारी २०११ ला सुप्रीम कोर्टाचा जगपालसिंग निकाल. मूळ भानगड पंजाबातल्या एका गावच्या तळ्याची, दांडग्यांनी ते बुजवून घरं बांधली होती. कोर्टानं सगळ्या राज्यांना सांगितलं, गावच्या सामाईक जमिनी मोकळ्या करा. महाराष्ट्रानं १२ जुलै २०११ ला निर्णय काढला. आणि दांडग्यांसाठी निघालेली नोटीस आली मामाच्या दारात. त्याच निकालात लिहिलंय, भूमिहीन मजुरांना किंवा अनुसूचित जाती-जमातीच्या लोकांना सरकारी अधिसूचनेनं पट्टा दिला असेल तर तो अपवाद. हे वाक्य तहसीलदार वाचून दाखवत नाही. तुम्ही वाचून दाखवा. पट्टा नसेल तर १९९१ चा अर्ज आणि त्याची पोच शोधा. पोच हीच आपली सनद.

पवईचं जयभीम नगर विसरू नका. खाजगी जमीन, बांधकाम मजुरांची वस्ती, नाव जयभीम. ६ जून २०२४ ला महापालिकेनं सहाशेहून जास्त झोपड्या तोडल्या. पावसाळ्यात राहती घरं तोडायची नाहीत असा राज्य सरकारचाच जून २०२१ चा निर्णय होता. लोक त्याच रस्त्याच्या फुटपाथवर ताडपत्र्या बांधून राहिले, पोरं पावसात. पण तिथले रहिवासी स्वतः हायकोर्टात गेले, आणि कोर्टानं गुन्हा नोंदवून विशेष तपास पथक नेमायला सांगितलं. ‘तुमचा काय संबंध’ विचारायची सोयच उरली नाही. ज्याचं चूल-भांडं ढिगाऱ्यात आहे तोच उभा होता. घरं मात्र त्या हुकमानं उभी राहत नाहीत. हुकूम विटांचा नसतो.

आता आपल्या आतलं थोडं. आमचा अर्ज चार मिनिटांत उडाला तो फक्त साहेबांमुळे नाही. मंडळ नोंदलेलं नव्हतं, कारण नोंदलं तर हिशेब दाखवावा लागला असता, आणि अध्यक्षांना ते नको होतं. वस्तीतले फोटोपास कुणाकडे होते? ‘भाऊं’कडे. भाऊंनी काही विकले, काही गहाण टाकले. तोडायच्या आदल्या रात्री भाऊंचा फोन बंद. दुसऱ्या दिवशी पेपरात भाऊंचा निषेध छापून आला, फोटोसकट. असले भाऊ प्रत्येक वस्तीत आहेत, निळ्या झेंड्याखालीही आहेत. बायकांची नावं एकाही कागदावर नव्हती, आणि जेसीबीसमोर आडव्या पडल्या त्या बायका.

तेव्हा पोरापोरींनो, नोटीस येण्याची वाट बघू नका. अर्ज मंडळाच्या नावानं नको, माणसांच्या नावानं हवा. वस्तीतले चार-पाच जण सगळ्यांच्या वतीनं दावा लावू शकतात, दिवाणी प्रक्रियेत त्याला ऑर्डर १ रूल ८ म्हणतात, कोर्टाची परवानगी लागते. त्या पाचांत तीन बायका असू द्या. वकीलपत्रावर सह्या आजच घेऊन ठेवा, दोन दिवस त्यातच जातात. नोटीस डकवली तर तारखेचं वर्तमानपत्र शेजारी धरून फोटो काढा, मग फाडा की ठेवा. लेखी उत्तर द्या आणि पोच घ्या. पोच देत नाहीत तर रजिस्टर पोस्ट. वकिलाला पैसे नाहीत म्हणून गप्प बसू नका. १९८७ च्या विधी सेवा कायद्याच्या कलम १२ प्रमाणे अनुसूचित जाती-जमातीच्या माणसाला आणि कुठल्याही बाईला उत्पन्न न बघता मोफत वकील मिळतो. बौद्धांनाही, १९९० च्या दुरुस्तीनंतर. जिल्हा कोर्टात त्याचं ऑफिस असतं, बहुतेक जिन्याखाली. आपल्यातल्या कायदा शिकणाऱ्या पोरांनी आठवड्याची एक संध्याकाळ तिथं काढावी. टीव्हीवरच्या चर्चा नंतर बघता येतील.

आई आता एका मजल्यावरच्या खोलीत राहते, भाड्याच्या. तिची बिस्किटांची पत्र्याची पेटी अजून आहे. तोडायच्या दिवशी तिनं भांडी सोडली, गादी सोडली, ती पेटी लुगड्यात बांधून बाहेर काढली. आत जुनं रेशनकार्ड, विजेचं एक बिल, मतदारयादीचा झेरॉक्स, आणि दुसऱ्या अर्जाची प्रत, जिच्यावर तिचा अंगठा आहे. गेल्या महिन्यात शेजारच्या वस्तीतल्या दोन पोरी नोटीस घेऊन आमच्याकडं आल्या. त्यांच्या कोर्टाच्या कागदावर पहिलं नाव कुणाचं घालावं, यावर वाद चालला होता. आईनं पेटी उघडून तो अंगठा दाखवला आणि म्हणाली, ‘माझा दोन दिस उशिरा लागला, बायांनो. तुमी आजच लावा.’